आशा आणि बंड: कुठलं वाक्य कुणासाठी?

शाळेच्या भित्तिपत्रकासाठी, वक्तृत्व स्पर्धेतल्या भाषणाच्या सुरुवातीला किंवा भाचीला द्यायच्या पुस्तकाच्या पहिल्या पानावर लिहायला आशेची एक ओळ हवी असते. किशोरांसाठीच्या डिस्टोपियन कादंबऱ्यांत, म्हणजे जुलमी, विस्कटलेल्या भविष्यातल्या गोष्टींत, अशा ओळींचा सुकाळ आहे. सूर्योदयाच्या चित्रांवर छापलेल्या त्या रोज फोनवर येतात. तिथे ओळ असते, पण ती बोलणारा माणूस गायब असतो. आणि या गोष्टींमध्ये तो गायब झाला की अर्थाची पार उलटापालट होते. म्हणून निवडताना मी आधी एवढंच बघते: हे कोण म्हणतंय आणि म्हटल्यावर त्याचं काय होतं? (ओळींचा आशय इथे माझ्या शब्दांत दिला आहे.)

सगळ्यात जास्त फिरणारी ओळ घ्या. भीतीहून ताकदवान अशी एकच गोष्ट आहे, ती म्हणजे आशा. 'द हंगर गेम्स'च्या नावावर ती खपते, पण सुझन कॉलिन्स यांच्या २००८च्या कादंबरीत ती नाहीच. (गोष्ट पनेम या काल्पनिक देशातली: तिथली राजधानी कॅपिटॉल दरवर्षी बारा डिस्ट्रिक्टांमधून, म्हणजे ताब्यातल्या प्रांतांतून, चोवीस मुलं उचलते आणि एकच उरेपर्यंत त्यांना खेळ म्हणून एकमेकांशी लढवते. डिस्ट्रिक्ट बाराची कॅटनिस ही नायिका.) ती २०१२च्या चित्रपटातली, आणि म्हणणारा आहे पनेमचा हुकूमशहा स्नो. कादंबरी सबंध कॅटनिसच्या तोंडून सांगितलेली असल्यामुळे तिच्या माघारी झालेला हा संवाद पुस्तकात येऊ शकलाच नसता. गुलाबांच्या बागेत स्नो खेळांच्या सूत्रधाराला समजावतोय: लोकांना नुसतं घाबरवायचं असतं तर चोवीस मुलं गोळा करून एकदमच मारली असती की! मग एक विजेता मागे ठेवायचा तो कशाला? तर आशेसाठी. थोडी आशा कामाची, जास्त झाली की धोक्याची. ठिणगी चालेल, फक्त ती आटोक्यात राहिली पाहिजे. म्हणजे हे आशेचं कौतुक नाही, आशेचा डोस किती द्यायचा याचा हिशेब आहे. वादविवाद स्पर्धेला ही ओळ झकास. कुणाला धीर द्यायला मात्र हुकूमशहाचं वाक्य पाठवू नये.

खरी निवड 'मॉकिंगजे' (२०१०) या तिसऱ्या भागातल्या दोन ओळींमध्ये आहे: एक आगीची, दुसरी फुलाची.

आगीची ओळ सगळ्यांना पाठ असते: आम्ही जळालो तर आमच्याबरोबर तुम्हीही जळाल. डिस्ट्रिक्टांमध्ये बंड पेटल्यावर कॅपिटॉलने डिस्ट्रिक्ट आठमधलं जखमींनी भरलेलं रुग्णालय बॉम्ब टाकून उडवलंय आणि कॅटनिस कॅमेऱ्यासमोर संतापून बोलते आहे. त्याआधी स्टुडिओत बंडखोरांनी तिला एक घोषणा लिहून दिली होती. सजवलेली, टाळीची. ती तिच्या तोंडी इतकी खोटी वाटली की तिचा मार्गदर्शक हेमिच म्हणाला, क्रांती मरते ती अशी. म्हणून तिला लढाईच्या जागी नेलं आणि तिथे हे आपसूक बाहेर पडलं. पण कॅमेरा बंडखोरांचाच होता. तिच्या संतापाची लगेच प्रचारफीत झाली, आणि ती वापरणारे लोक पुढे कसे निघतात हे पुस्तक संपेपर्यंत तुम्हाला कळतंच. २०१९ साली हाँगकाँगच्या आंदोलकांनी हीच ओळ भिंतींवर लिहिली. तिथे ती शोभली, कारण लिहिणारे खरोखरच पणाला लागले होते. स्नेहसंमेलनाच्या फलकावर मात्र ती कशी दिसेल हे ज्याचं त्याने ठरवावं.

फुलाची ओळ पुस्तकाच्या अगदी शेवटाकडे येते. कॅटनिस म्हणते, आग माझ्यापाशी भरपूर आहे. मला हवा आहे तो वसंतातला डँडेलियन, विध्वंसाऐवजी नव्या जन्माची खूण असलेला पिवळा रंग. एकटी वाचली तर गुळगुळीत वाटते, भेटकार्डावरची. पण पहिल्या भागातला डँडेलियन आठवा. वडील खाणीतल्या अपघातात वारलेले, घरात अन्नाचा कण नाही, आणि बेकरीवाल्याच्या मुलाने, पीटाने, मार खाऊन तिच्याकडे करपलेला पाव टाकलेला. दुसऱ्या दिवशी शाळेच्या आवारात तिला वर्षातला पहिला डँडेलियन दिसतो आणि वडिलांनी शिकवलेलं आठवतं: हे खाता येतं. त्या रात्री तिच्या घरी त्याचा पाला आणि उरलेला पाव, अशी मेजवानी होते. थोडक्यात, ही आशा म्हणजे रानभाजी आहे. पोट भरण्याचा मार्ग सापडला, म्हणून जगायचं. दोन्हींतली एकच घ्यायची तर मी डोळे मिटून ही घेईन. फक्त ज्याला देणार त्याने पहिला भाग वाचलेला असावा.

वक्तृत्वाला उभं राहणाऱ्या मुलांना मी या दोन्ही सुचवणार नाही. त्यांच्यासाठी पहिल्याच भागात, खेळ सुरू होण्याच्या आदल्या रात्रीचा गच्चीवरचा संवाद आहे. कॅटनिसबरोबर खेळात उतरवलेला पीटा म्हणतो, मरायचंच असेल तर मी मी म्हणूनच मरावं. यांनी माझा राक्षस करू नये, मी यांच्या खेळातली नुसती सोंगटी नाही हे यांना दाखवता आलं पाहिजे. कॅटनिस वैतागते: पण तू सोंगटीच आहेस, आपण सगळेच आहोत, खेळ चालतो तो त्यावरच. तिचंही खरं आहे! भाषणाला लागतो तो दुसरा आवाज इथे आयता मिळतो. शिवाय शेवटी, एकमेकांना मारण्यापेक्षा दोघं मिळून मरू म्हणत, विषारी बोरं हातात घेऊन त्याचं म्हणणं कृतीत आणते ती वैतागलेली कॅटनिसच.

वेरोनिका रॉथ यांच्या 'डायव्हर्जंट'मधली (२०११) ओळ याच्या शेजारी ठेवली की फिकी पडते, तरी टाकाऊ नाही. तिथला समाज गुणांनुसार गटांत वाटलेला आहे. त्यातल्या धाडसाला सर्वांत वर मानणाऱ्या डॉन्टलेस गटाच्या जाहीरनाम्यात म्हटलंय: साध्या, रोजच्या शौर्यावर आमचा विश्वास आहे, एकाला दुसऱ्यासाठी उभं राहायला लावणाऱ्या धैर्यावर. गट प्रत्यक्षात चालतो तो नेमका याच्या उलट. पण घाबरलेल्या सोबत्याच्या, अलच्या जागी नायिका ट्रिस स्वतः निशाण्याच्या फळीपुढे उभी राहते आणि प्रशिक्षक फोर तिच्या आजूबाजूला सुरे फेकतो, त्या प्रसंगात ओळ खरी होते. वर्गात एकट्या पडलेल्या मुलाची बाजू घेण्याबद्दल बोलायचं असेल तर हीच घ्या. सोपी आहे, कुणावर आग ओकत नाही.

लोइस लोरी यांची 'द गिव्हर' (१९९३, न्यूबेरी पदक १९९४) या सगळ्यांच्या आधीची आणि सगळ्यांत शांत. तिथे कुणी घोषणा देत नाही. आठवणी सांभाळणारा म्हातारा बारा वर्षांच्या जोनसला सांगतो की आठवणी बाळगण्यातली सगळ्यात वाईट गोष्ट वेदना नसते, एकटेपणा असतो. आठवणी वाटून घ्यायच्या असतात. वरवर यात बंड दिसत नाही. पण त्या समाजाने रंग, बर्फ, युद्ध, प्रेम असं सगळं विसरायचं ठरवलेलं आहे. तिथे आठवण वाटणं म्हणजे व्यवस्थाच उलथवणं. अकरा-बारा वर्षांच्या मुलांना हे पुस्तक द्यायला हरकत नाही, मात्र तान्ह्या बाळाच्या 'मुक्तते'चा, म्हणजे खरं तर त्याला मारून टाकण्याचा, प्रसंग मोठ्यांनी आधी वाचून ठेवावा.

शब्द नसलेलीही एक ओळ आहे: तीन बोटं ओठांना लावून पुढे उंचावायची. २०१४च्या लष्करी बंडानंतर थायलंडमध्ये आणि २०२१ पासून म्यानमारमध्ये लोकांनी ती लष्कराविरुद्ध वापरली आणि त्यासाठी धरपकडही सोसली. पुस्तकात सुरुवातीला तिचा अर्थ आहे आभार, आदर आणि जिवलगाला निरोप. डिस्ट्रिक्ट बारामध्ये ती कधीमधी अंत्यविधीला दिसते. बंडाची खूण ती नंतर होते. फोटोसाठी हौसेने ती करण्याआधी एवढं माहीत असावं.

उरला तो वाचक, ज्याला असल्या ओळींची चीडच येते. त्याच्यासाठी पॅट्रिक नेस यांची 'द नाइफ ऑफ नेव्हर लेटिंग गो' (२००८). पुरुषांच्या मनातले विचार सगळ्यांना ऐकू येणाऱ्या ग्रहावर टॉड जिवाच्या आकांताने पळतोय. त्याला वाटतं, आशा पुढे ओढत असेलही, पण ती धोक्याची आहे, दुखवणारी आहे. ती जगाशी लावलेली पैज आहे, आणि जगाने आपल्याला पैज कधी जिंकू दिली आहे? एवढं म्हणूनही तो पळायचा थांबत नाही. भित्तिपत्रकावर हे मावणार नाही, आणि मुख्याध्यापकांना आवडेल असंही वाटत नाही. सोळा-सतरा वर्षांच्या, सगळ्यावर नाक मुरडणाऱ्या मुलाच्या हातात मात्र मी आधी हेच ठेवीन, पहिल्या पानावर काहीही न लिहिता.