‘लो’वर थंड, चोवीसवर गरम : गाडीच्या एसीच्या नावाखाली माझे ३६,६०० रुपये गेले

सांगलीत ज्यांच्याकडे ऑटो क्लायमेट कंट्रोलची, म्हणजे ठरवलेले तापमान एसी आपोआप राखतो अशी, गाडी आहे आणि जिची वॉरंटी संपली आहे, त्यांच्यासाठी हे लिहीत आहे. एसीची तक्रार घेऊन गॅरेजात गेले की गॅस, मग कॉम्प्रेसर (गॅस दाबणारा पंप), मग कूलिंग कॉइल (वारा गार करणारा भाग) असा चढता जिना कसा दाखवला जातो, हे बहुतेकांना ऐकून ठाऊक असते. मलाही ठाऊक होते. तरीही यंदाच्या एप्रिलमध्ये माझे छत्तीस हजार सहाशे रुपये गेले आणि मूळ बिघाड होता तेराशे पन्नास रुपयांच्या एका सेन्सरमध्ये, जो त्या गॅरेजवाल्याने शेवटपर्यंत तपासलासुद्धा नाही. मी एका पतसंस्थेत लेखापाल आहे. व्हाउचर नसलेला दहा रुपयांचा खर्च मी कोणाचाही मंजूर करत नाही, आणि स्वतःच्या बाबतीत मात्र चौतीस हजार रुपये पक्क्या बिलाशिवाय देऊन आले. हे लिहिताना मला शरम वाटते, पण लिहिले नाही तर पुढचा माणूस त्याच दारात जाईल.

गाडी सहा वर्षांची. एप्रिलच्या पहिल्या आठवड्यात एसी २४ वर ठेवला की सुरुवातीला साधा आणि पाच-सात मिनिटांत चक्क गरम वारा येऊ लागला. विश्रामबागेतून कार्यालयात जाईपर्यंत अंग घामाने भिजत असे. सांगली-मिरज रस्त्यालगतच्या एका गॅरेजात ९ एप्रिलला गाडी नेली. तिथल्या मालकाने बॉनेट उघडून गॅसचा दाब मोजायच्या घड्याळाची एकच निळी नळी जोडली, लाल नळी तशीच लोंबकळत ठेवली, काटा मला दाखवला आणि म्हणाला, “ताई, गॅस संपलाय.” गॅस आणि ऑइल मिळून २,६०० रुपये घेतले. कॉम्प्रेसरची अवस्था ठरवायची तर कमी दाबाची आणि जास्त दाबाची अशी दोन्ही बाजूंची मापे एकत्र पाहावी लागतात आणि एका नळीवरून काहीच सिद्ध होत नाही, हे मला नंतर कळले. ते आधी माहीत नसणे हा माझा दोष नाही, असे मी आजही म्हणते.

पण त्यानंतर जे घडले ते मात्र माझ्या डोळ्यांसमोर घडले. त्याने आत बसून तापमानाचे बटण खाली खाली फिरवत पार ‘लो’वर नेले. गार वारा सुटला, अगदी हातावर काटा येईल इतका गार. मग तो म्हणाला, “आता हे असंच राहू दे. आठ दिवस ऑटोला हात लावू नका, नव्या गॅसला बसायला वेळ लागतो.”

इथेच मला कळायला हवे होते. गॅस काही बसत-बिसत नाही. भरला की तो त्या क्षणापासून काम करतो. आणि त्याहून मोठी गोष्ट म्हणजे जी यंत्रणा ‘लो’वर बर्फासारखा वारा देते, तिच्यात गॅसही असतो आणि कॉम्प्रेसरही चालू असतो. बहुतेक गाड्यांत ‘लो’ म्हणजे आतील तापमान किती आहे याचा हिशेबच न करता जास्तीत जास्त थंड करा, असा हुकूम असतो. चोवीस म्हटले की मात्र गाडीला आधी आत किती तापमान आहे हे ‘विचारावे’ लागते. ‘लो’वर थंड आणि चोवीसवर गरम, याचा सरळ अर्थ थंडावा तयार होतो आहे पण गाडीला कोणीतरी चुकीचे तापमान सांगते आहे, असा होतो. हे समजायला मेकॅनिक असण्याची गरज नाही. त्या माणसाला ते नक्की समजले होते, नाहीतर त्याने बटण नेमके ‘लो’वर नेऊन ‘हात लावू नका’ असे सांगितलेच नसते. मी त्याच्या शेजारच्या सीटवर बसून हे ऐकले आणि मान डोलावली, ही गोष्ट मला अजून रात्री आठवते.

आठवडाभर आम्ही कुडकुडत प्रवास केला. माझ्या सासूबाई शहात्तर वर्षांच्या आहेत, त्यांना तो वारा सोसेना, म्हणून मी बटण पुन्हा चोवीसवर आणले. पुन्हा गरम वारा आला, आणि या वेळी तो समोरून येण्याऐवजी पायांकडून येत होता. पडद्यावरचा बाण पायांकडे वळलेला होता. सासूबाई म्हणाल्या, “अगं, शेगडी लावल्यासारखं पायाला भाजतंय.” आत कडाक्याची थंडी आहे अशी गाडीची समजूत झाली की ऑटोमध्ये ती हीटर लावते आणि वारा पायांकडे सोडते. बाहेर ३९ अंश असताना गाडी हिवाळ्यासारखी वागत होती, आणि तरीही मी त्याच माणसाकडे परत गेले.

१७ एप्रिलला त्याने गाडीच्या संगणकातील नोंदी वाचणारे, हातातले स्कॅनर जोडले, पडद्यावर एकही बिघाडाचा कोड नाही हे मला दाखवले आणि ठामपणे सांगितले, “इलेक्ट्रिकलमध्ये काही नाही ताई. कॉम्प्रेसर गेलाय, त्याचा कचरा कूलिंग कॉइलमध्ये उतरलाय.” कॉम्प्रेसर २२,५००, कूलिंग कॉइल ६,४००, फ्लशिंग (आतल्या नळ्या धुणे) आणि मजुरी ३,२००, पुन्हा गॅस २,६००, असे मिळून ३४,७०० रुपये झाले. त्यातले ७०० त्याने ‘तुमच्यासाठी’ सोडले. पक्के बिल घेतले तर जीएसटी वर लागेल, रोख दिले तर वाचेल, असेही तो म्हणाला. १४,००० रुपये मी यूपीआयने दिले आणि २०,००० रोख. रोख देण्याची चूक माझी आहे, हे मान्य करते. पण २६ तारखेला जतला नात्यातले लग्न होते, सासूबाईंना मिरज, कवठेमहांकाळमार्गे भर उन्हात न्यायचे होते, आणि गाडी तोवर दुरुस्त झालीच पाहिजे या घाईत मी होते. असे लोक समोरच्याची घाई बरोबर ओळखतात.

सकाळी अकराला दिलेली गाडी दुपारी तीनला परत मिळाली. कूलिंग कॉइल डॅशबोर्डच्या आत असते आणि ती बदलायला बहुतेक गाड्यांत बरीच उचकापाचक करावी लागते. माझ्या डॅशबोर्डवर दुहेरी टेपने चिकटवलेला छोटा गणपती होता, तो तसूभरही हलला नव्हता. त्याच्या पायाशी साचलेली धूळसुद्धा तशीच होती. जुना कॉम्प्रेसर मागितला तर म्हणाला, “तो भंगारात गेला, त्याचेच सातशे तुम्हाला सोडले.” एसी अर्थातच ‘लो’वर ठेवलेला होता.

जतच्या रस्त्यावर काय झाले ते सांगत बसत नाही. कवठेमहांकाळच्या पुढे सासूबाईंना चक्कर आली, एका टपरीच्या सावलीत अर्धा तास बसवावे लागले.

मेच्या पहिल्या आठवड्यात एका सहकाऱ्याच्या सांगण्यावरून मिरजेतील एका वयस्कर ऑटो इलेक्ट्रिशियनकडे गेले. त्या काकांनी बॉनेट उघडलेच नाही. त्यांनी विचारलेला पहिला प्रश्न होता, “लोवर गार येतं का?” ‘हो’ म्हटल्यावर ते सरळ स्टीअरिंगच्या बाजूला वाकले. तिथे डॅशबोर्डवर नखाएवढी एक जाळी आहे. तिच्यामागे केबिनचे तापमान मोजणारा सेन्सर असतो आणि छोटा पंखा किंवा नळी त्याच्यावरून आतील हवा सतत ओढत असते. काकांनी पातळ कागदाचा कपटा जाळीवर धरला. तो चिकटून राहिला, म्हणजे हवा ओढली जात होती. मग स्कॅनर जोडले, पण कोड न पाहता चालू आकडे उघडले. बाहेरचे तापमान ३८ दाखवत होते, ते बरोबर होते. आतील तापमान ८ अंश दाखवत होते. आम्ही दोघेही त्या आठ अंशांत घाम पुसत बसलो होतो.

कोड का आला नाही, हेही त्यांनी समजावून सांगितले आणि ते प्रत्येकाने लक्षात ठेवावे. सेन्सरची तार तुटली किंवा शॉर्ट झाली तर आकडा अशक्य होतो आणि गाडी कोड नोंदवते. सेन्सर जिवंत राहून खोटे बोलू लागला, तर आठ अंश हा आकडा गाडीला शक्य वाटतो आणि ती गप्प बसते. म्हणून ‘कोड नाही म्हणजे इलेक्ट्रिकल ठीक आहे’ हे विधान अज्ञानी माणूस करतो किंवा लबाड.

त्यांनी सेन्सर काढला. एका पिनेवर हिरवट गंज होता. तो साफ करूनही आकडा सुधारला नाही, तेव्हा त्यांनी जुना आणि नवा असे दोन सेन्सर एकाच टेबलावर, एकाच हवेत ठेवून मल्टिमीटर लावला. या सेन्सरचा रोध, म्हणजे विजेला होणारा अडथळा, उष्णता वाढली की कमी होतो. नवा दीड हजार ओहमच्या आसपास होता, जुना चार हजारांच्या वर. नंतर दोन्ही आळीपाळीने प्लॅस्टिकच्या पिशवीत घालून गरम चहाच्या ग्लासला टेकवले. नव्याचा आकडा सरसर आणि सलग खाली आला. जुन्याचा अडखळला, उलट उडी मारून वर गेला, पुन्हा खाली आला. नवा सेन्सर १,३५० आणि मजुरी ४५०, असे १,८०० रुपये झाले. बिल छापील, त्यावर सुट्या भागाचा क्रमांक. जुना सेन्सर न मागता पिशवीत घालून हातात दिला. चोवीसवर गाडी चोवीसच्या आसपास राहू लागली.

त्यानंतर माझ्या विनंतीवरून त्यांनी कॉम्प्रेसर पाहिला. बोल्टवरच्या कारखान्यातल्या रंगाच्या खुणा अखंड होत्या आणि लेबलवर गाडी बनली तेच वर्ष होते. म्हणजे बदललेले काहीच नव्हते. चुकीचे निदान एखाद्याकडून होऊ शकते, ते मी माफ केले असते. न बसवलेल्या वस्तूचे बावीस हजार पाचशे रुपये घेणे ही उघड चोरी आहे.

आता दाद कशी मिळते तेही ऐका. पोलीस ठाण्यात पहिल्यांदा गेले तेव्हा दीड तास बाकावर बसवून ‘ही दिवाणी बाब आहे, ग्राहक आयोगात जा’ असे सांगितले. दुसऱ्यांदा फोटो घेऊन गेले, तेव्हा बिल नाही म्हणून अर्ज घेतला नाही. काम केल्याची थाप मारून पैसे उकळणे ही भारतीय न्याय संहितेच्या कलम ३१८ मधली फसवणूक आहे असे मी म्हटले, तर समोरचे साहेब म्हणाले, “मॅडम, तुम्ही शिकलेल्या आहात ना, मग रोख कशाला दिले?” फसवलेल्या माणसालाच जाब विचारायचा आणि फसवणाऱ्याला साधा फोनही करायचा नाही, ही कुठली रीत? तिसऱ्या फेरीत, दोन रजा बुडाल्यावर, अर्जावर पोचेचा शिक्का मिळाला. पुढे काहीही झाले नाही. वाहनांशी संबंधित एका कार्यालयात गेले तर ‘आम्ही गाड्या तपासतो, गॅरेज नाही’. गाडीच्या कंपनीला फोन केला तर ‘बाहेर उघडलेल्या गाडीशी आमचा संबंध नाही’. गॅरेजवाल्यांच्या संघटनेतल्या गृहस्थांनी तर त्या माणसाला इतकी वर्षे ओळखतो, तो असे करणारच नाही, असे मला ऐकवले. रस्त्यावर हेल्मेट नसेल तर लगेच दंड होतो, आणि दिवसाढवळ्या छत्तीस हजार लुटणाऱ्याची तपासणी करणे मात्र कोणाच्याच कामात बसत नाही. पोलीस ठाणे दाद देत नसेल तर तक्रारीचा मजकूर लेखी स्वरूपात, टपालाने पोलीस अधीक्षकांकडे पाठवता येतो. मला हे उशिरा कळले, तुम्ही पहिल्याच आठवड्यात करा.

ग्राहक आयोगात तक्रार मी स्वतः, वकिलाशिवाय दाखल केली आहे. पाच लाखांपर्यंतच्या व्यवहाराला तिथे शुल्क नाही, मुदत दोन वर्षांची आहे आणि २०१९ च्या ग्राहक संरक्षण कायद्यानुसार आपण राहतो त्या जिल्ह्यातही तक्रार करता येते. सल्ल्यासाठी राष्ट्रीय ग्राहक हेल्पलाइनचा १९१५ हा क्रमांक आहे. माझी भीती एकच आहे, रोख दिलेले २०,००० सिद्ध कसे करायचे. म्हणून पक्के बिल घ्याच, कर वाचवायच्या मोहात पडू नका. काम सुरू होण्याआधी कॉम्प्रेसरच्या लेबलचा आणि बोल्टांचा फोटो काढून ठेवा. जुना भाग त्याच दिवशी ताब्यात घ्या. आणि कोणी ‘लो’वर ठेवून ‘हात लावू नका’ म्हणाला, तर त्याच्यासमोर बटण चोवीसवर आणा, दहा मिनिटे आत बसा आणि आतील तापमानाचा चालू आकडा दाखवायला सांगा. दाखवता येत नसेल तर किल्ली घेऊन निघा.

तक्रारीची नोटीस पोचल्यावर त्याचा फोन आला होता. “ताई, पाच हजार घ्या आणि मिटवून टाका.” मी नाही म्हटले. यूपीआयची पावती, लेबलचे फोटो, मिरजेचे बिल आणि तारीख लिहिलेल्या पिशवीतला तो जुना सेन्सर तक्रारीच्या फायलीला जोडून ठेवला आहे.