गावच्या वाचनालयातील प्राचीन वैद्यकाचे कपाट

यवतमाळ जिल्ह्यातील आमच्या गावच्या वाचनालयाने प्राचीन वैद्यकाच्या पुस्तकांसाठी स्वतंत्र कपाट ठेवले असून कापूस वेचणीच्या दिवसांतही ते रात्री नऊपर्यंत उघडे असते. इ.स.पू. १६००च्या सुमारास लिहिलेल्या एडविन स्मिथ पपायरस या प्राचीन इजिप्शियन वैद्यकीय हस्तलिखितातील ४८ रुग्णांच्या नोंदी मी येथेच वाचल्या. जखम तपासून ‘उपचार करीन’, ‘झुंज देईन’ किंवा ‘उपचार शक्य नाही’ असा निर्णय सांगणारा तो इजिप्शियन वैद्य मला फार प्रामाणिक वाटला. प्राचीन ग्रीक वैद्य हिप्पोक्रेटिसच्या परंपरेतील एक ग्रंथ फेफऱ्याला दैवी कोप न मानता मेंदूचा विकार मानतो, हे तर आमच्याकडे, जिथे अजूनही काही घरांतून आधी मांत्रिकाकडे धाव घेतली जाते, चावडीवर मोठ्याने वाचून दाखवावे असे आहे. पुस्तक मात्र सात दिवसांतच परत मागतात. या विषयाला ती मुदत अपुरी आहे.