निळं ब्रह्मकमळ: पैसे आज, फूल एका तपानंतर

जाहिरात साधारण अशी असते. हिमालयातलं निळं ब्रह्मकमळ, बारा वर्षांतून एकदाच, बरोबर मध्यरात्री फुलतं. ज्याच्या दारात फुललं त्याचा गेलेला काळ फिरून येतो. सोबत अर्ध्या मिनिटाचा व्हिडिओ, त्यात मान टाकलेलं फूल हळूहळू ताठ होऊन पुन्हा उमलतं. किंमत चार आकडी, पैसे आधी. पार्सलमधून निघतं ते ओल्या कोकोपीटच्या (नारळाच्या काथ्याच्या भुशाच्या) पिशवीत खोचलेलं एक लांबट हिरवं पान.

फसलेली माणसं रोपवाटिकेत दाखवायला आणतात ते हेच पान, आणि ते ओळखायला तज्ज्ञ लागत नाही. आपल्याकडे गॅलरीगॅलरीत असतं तेच हे ब्रह्मकमळ, म्हणजे एपिफायलम ऑक्सिपेटॅलम. निवडुंगाच्या कुळातलं, मूळचं मेक्सिको आणि मध्य अमेरिकेकडचं. आपण पान म्हणतो ते त्याचं चपटं खोड, म्हणून तर कळी कडेच्या खाचेतून फुटते. फूल पांढरं. रात्री आठ-नऊच्या सुमारास उमलू लागतं, मध्यरात्रीपर्यंत पूर्ण फुलतं, उजाडेपर्यंत मिटून लोंबतं. आणि बारा वर्षं वगैरे काही नाही; जुनं झाड एका पावसाळ्यात दोन-तीनदाही बहरतं. शेजाऱ्याकडे मागितलं तर पान फुकट मिळतं.

मग जाहिरातीतल्या बाकीच्या गोष्टी आल्या कुठून? इकडून-तिकडून उचललेल्या. हिमालय घेतला खऱ्या ब्रह्मकमळाचा, सॉसुरिया ऑब्व्हॅलाटाचा. ते उत्तराखंडचं राज्यपुष्प. 3,000 मीटरच्या वर वाढतं, केदारनाथला वाहतात, आणि पुण्या-नागपूरच्या कुंडीत जगत नाही. बारा वर्षं आणि निळा रंग घेतला नीलकुरिंजी या झुडपाचा. केरळातल्या मुन्नारला ती 2006 मध्ये आणि मग 2018 मध्ये बहरली. पण कुरिंजी एकदा फुलून बी धरलं की मरते. मध्यरात्र तेवढी गॅलरीतल्या ब्रह्मकमळाची, खरीखुरी. तीन झाडं जोडून चौथं विकायचं, असा हा धंदा.

व्हिडिओची करामत तर अगदीच सोपी. उमललेलं फूल मिटेपर्यंतचं चित्रण करायचं, त्याचा वेग वाढवायचा आणि ते उलटं चालवायचं. चित्रात दुसरं काही हलतंय का ते बघा: घड्याळ, पानावरून ओघळणारा थेंब, उदबत्तीचा धूर. धूर खाली उतरून काडीत शिरताना दिसला की समजायचं. म्हणूनच हे लोक मागे कोरा काळा पडदा लावतात. निळा रंग फोनवरच्या फिल्टरने येतो.

पण फसवणुकीचा खरा गाभा रंग नाही, मुदत आहे. फूल बाराव्या वर्षी येणार म्हटल्यावर अकरा वर्षं तक्रार कोण करणार? ग्राहक संरक्षण कायदा 2019 प्रमाणे तक्रारीचं कारण घडल्यापासून 2 वर्षांच्या आत ग्राहक आयोगाकडे जावं लागतं. उशीर माफ होऊ शकतो, पण त्याचं कारण आयोगाला पटवावं लागतं.

त्यात पान बहुधा आधीच कुजतं. ताज्या कापाचं पान ओल्या कोकोपीटमध्ये, बंद प्लॅस्टिकमध्ये आठवडाभर प्रवास करून आलं की बुडखा तपकिरी, मऊ पडतो आणि वास येतो. विचारलं की उत्तर तयार: घरात विटाळ झाला, शांती करावी लागेल, इतके पाठवा. ही दुसरी मागणी आली की बोलणं थांबवायचं आणि सगळे मेसेज जपून ठेवायचे.

बियांची पाकिटं तर घेऊच नका. या झाडाला आपल्याकडे फळ क्वचितच धरतं आणि लागवड पानानेच होते. मध्यरात्री फुलतं म्हणतात ते, डबीतलं वाळकं ‘उंबराचं फूल’ही त्याच माळेतलं. उंबराची फुलं फळाच्या आत असतात. कच्चं उंबर सुरीने उभं कापलं की आतल्या भिंतीला चिकटलेली शेकडो बारीक फुलं दिसतात. रात्री बारापर्यंत जागायची गरज नाही.

पार्सल उघडताना सलग व्हिडिओ घ्या, पत्त्याच्या चिठ्ठीपासून. पान हलकेच वर ओढा. अलगद निघालं तर मुळं नाहीत. पैसे गेले असतील तर त्याच दिवशी 1930 या सायबर फसवणुकीच्या हेल्पलाइनवर फोन करा, कारण रक्कम पुढच्या खात्यात सरकण्याआधी गोठवणं सोपं जातं. वस्तूबद्दलची तक्रार 1915 या ग्राहक हेल्पलाइनवर. चमत्काराच्या नावाखाली पैसे उकळले असतील तर महाराष्ट्रात 2013 चा जादूटोणाविरोधी कायदाही लागू पडू शकतो. पोलीस ठाण्यात त्याचं नाव घेऊन बोला.

आलेलं पान मात्र फेकू नका. कुजका भाग धारदार सुरीने कापून टाका, कापाच्या जागी हिरवा कडक गाभा दिसेपर्यंत. सावलीत चार-पाच दिवस सुकू द्या, काप कोरडा पडला पाहिजे. मग माती, वाळू आणि पालापाचोळ्याचं खत सारख्या प्रमाणात मिसळून दोन इंच खोल खोचा. महिनाभर पाणी बेतानं, थेट ऊन नको. मुळं धरली तर दोन-तीन वर्षांत कळी दिसेल. फूल पांढरंच येईल.