युनिव्हर्सल एक्स्टेन्शन बोर्ड, २२० रुपये : तिसरं होल नुसतं पाह्यासाठी

उन्हाळा लागला की आमच्या यवतमाळकडे आधी कूलर निघतो, बाकी कामं मग. यंदा कूलरची खिडकी बदलली तर पिन भिंतीवरच्या बोर्डापर्यंत पोहोचेना, म्हणून तालुक्याच्या बाजारातून एक युनिव्हर्सल एक्स्टेन्शन बोर्ड आणला, कंपनीचं नाव सांगत नाही. चार सॉकेट, एक बटन, लाल लाईट, २२० रुपये. दुकानदार म्हणे, "भाऊ, जगातली कोनतीई पिन जाते यात, बिनधास्त घेऊन जा." दोन महिने वापरला, आता लिहून रायलो.

पिन जाते हे मात्र खरं. मेहुण्यानं दुबईहून आणलेली इस्त्री आहे, तिला तीन जाड चपट्या पिना, इंग्रजांच्या डिझाइनच्या, ती चार वर्षं ट्रंकेत पडून होती ती यात बसली. मोबाइलचा चार्जर बसला, मिक्सर बसला, आजोबाच्या रेडिओची काळ्या बेकेलाइटची दोन पिनवाली टोपीसुद्धा बसली. पोट्टे तर घरातल्या सगळ्या पिना आणून आणून लावून पाहत होते.

आता गंमत पहा. ही आपली गोल तीन पिनची पद्धत मूळची इंग्रजांचीच, १९३४ च्या त्यांच्या बीएस ५४६ नावाच्या स्टँडर्डमधली, ५ अँपियरची बारीक आणि १५ ची जाड. त्यांनी स्वतः १९४७ मध्ये चपट्या पिनचं नवीन स्टँडर्ड काढलं आणि हळूहळू गोल पिन घरातून काढून टाकली. लढाईनंतर तांबं वाचवायचं होतं, म्हणून एकच वायर घरभर गोल फिरवून परत मेन बोर्डात आणायची आणि प्रत्येक पिनेच्या आतच फ्यूज द्यायचा असं त्यांनी ठरवलं. दुबईच्या इस्त्रीची पिन खोलली तर आत तो इवलासा फ्यूज आहेच. आपण मात्र गोल पिनच धरून बसलो, फक्त ५ चे ६ आणि १५ चे १६ अँपियर झाले. त्याच्याही आधी तर पिन हा प्रकारच नव्हता, वीज म्हणजे निव्वळ दिवा, इस्त्री लावायची तर बल्ब काढून होल्डरमधून करंट घ्यायचा. अमेरिकेत हबेल नावाच्या माणसानं १९०४ मध्ये होल्डरात फिरवून बसवायची टोपी आणि तिच्यातून सुटी निघणारी पिन पेटंट केली. आपल्याकडे लग्नाच्या मांडवात होल्डरची टोपी लावून पंखा चालवलेला मी स्वतः पाहिला आहे, आणि पिनच नसली तर उघड्या वायरी सॉकेटात घालून वरून काडीपेटीच्या काड्या ठोकणारे तर गावोगावी आहेत.

पण सगळ्या पिना घ्यायच्या म्हटल्यावर होल सैल ठेवावं लागते. चार्जरची पिन ४ मिलिमीटरची, आपल्या ६ अँपियरच्या थ्री पिनची ५ च्या वर, त्यात चपट्या पिना वेगळ्या, एकच पत्ती हे सगळं कसं पकडून ठेवेल? महिनाभरात चार्जर लोंबायला लागला, हात लागला की चर्र आवाज. इस्त्री १००० वॅटची, म्हणजे सव्वाचार अँपियर, बोर्डावर १० अँपियर छापलेलं, तरी पंधरा मिनिटांत वास आला आणि होलाभोवती प्लास्टिक पिवळं पडलं.

एवढं चाललं असतं. मे महिन्यात एका दुपारी माय कूलरात पाणी टाकत होती, खाली ओलं, पायात चप्पल नाही, आणि बादली टाकून मागं सरली. म्हणे, "अरे, कूलर करंट मारून रायला!" टेस्टर लावला तर पत्र्यावर झगझगीत पेटला. पंपाची वायर आत कुठंतरी सोलली होती. पण कूलरला तर थ्री पिन होती, अर्थिंग घरात आहे, मग करंट पत्र्यावर थांबला कसा?

बोर्डाचे चार स्क्रू काढले. आत दोनच वायरी, एक लाल, एक काळी. तिसऱ्या होलाच्या मागं पत्तीच नाही राजेहो! रिकामं प्लास्टिक, एका भोकात तर माशीचं घर. बाकीच्या पत्त्यांना चुंबक लावलं तर चिकटलं, म्हणजे पितळेचा नुसता मुलामा, खाली लोखंड.

हे तिसरं होल कशासाठी असते हे मला गावातल्या वायरमन काकांनी नीट दाखवलं. त्यांनी थ्री पिन हातात देऊन म्हटलं, "वरची पिन पाय, लांब हाय का नाई? जाड हाय का नाई?" लांब यासाठी की लावताना ती पहिली लागावी आणि काढताना शेवटी सुटावी, आणि चांगल्या सॉकेटात तीच आतलं झाकण सरकवते. मशीनमधला करंट पत्र्यावर आला तर याच वाटेनं जमिनीत जातो, नाहीतर पाणी टाकणाऱ्या माणसातून. मग काकांनी भिंतीतल्या सॉकेटात फेज आणि अर्थमध्ये बल्ब लावला तर तो टिमटिम पेटला. आमची काळी माती मे मध्ये भेगाळते, अर्थिंगचा खड्डा पार कोरडा. मीठ टाकून तीन बादल्या पाणी ओतलं आणि अर्ध्या तासानं तोच बल्ब लख्ख.

शेवटी एक्स्टेन्शन काढूनच टाकलं. तालुक्यातूनच, पण दुसऱ्या दुकानातून, आयएसआयचा ६ अँपियर थ्री पिन सॉकेट, पितळी पिनची टोपी आणि तीन वायरची केबल आणली, सगळे मिळून ४१० रुपये, खिडकीजवळ पक्का पॉइंट काढला. पंपाची वायर बदलली. ३० मिलीअँपियरचा ईएलसीबी, म्हणजे करंट गळाला की वीज तोडणारा स्विच, पण लावायला सांगितला आहे काकांनी, तो कापूस विकल्यावर.

बोर्डाला पाचपैकी एक स्टार, तो लाल लाईटसाठी. वापस करायला गेलो तर दुकानदार म्हणे, "खोललेला माल वापस होत नाई भाऊ." आता तो गोठ्याजवळ टांगला आहे, फक्त मोबाइल चार्जिंगला. चारही सॉकेटांच्या तिसऱ्या होलात एमसील भरून टाकलं, म्हणजे कोणी त्यात थ्री पिन खुपसायलाच नको.