'हाय नून' की 'रिओ ब्राव्हो'? एकच बघायचा असेल तर

'वेस्टर्न, म्हणजे ते अमेरिकन काऊबॉयपट, बघायला सुरुवात करायची आहे, कुठला बघू?' असं विचारणाऱ्याला मी लांबलचक यादी देत नाही. दोन नावं सांगतो: गॅरी कूपरचा 'हाय नून' (1952) आणि जॉन वेनचा 'रिओ ब्राव्हो' (1959). दोन्हीत गुरांचे कळप शोधू नका. नायक एकीकडे मार्शल आहे, दुसरीकडे शेरीफ, दोघंही गावात कायदा राखणारे. पण हॅट, कमरेला पिस्तूल, कमी बोलणं आणि वेळ आली की रस्त्यावर उतरणं हा सगळा जुन्या काऊबॉयचाच वारसा. अमेरिकेने आपला हा लाडका नायक मोठा करून त्याला बिल्ला लावला, एवढंच. कूपर 1929 सालीच काऊबॉय म्हणून गाजला होता आणि वेन 1939 पासून.

ही दोन नावं जोडीने घेण्याला कारण आहे. 'रिओ ब्राव्हो'चा दिग्दर्शक हॉवर्ड हॉक्सला 'हाय नून' मुळीच आवडला नव्हता आणि तो हे उघड सांगायचा. मार्शल असून गावभर मदत मागत फिरतो, म्हणजे हा कसला कामातला वाकबगार माणूस, असं त्याचं म्हणणं. वेनचंही तेच मत, किंबहुना जास्त कडवट. म्हणून दोघांनी मिळून उलटा चित्रपट काढला. प्रश्न तोच: गुंड चालून येताहेत आणि आपली माणसं मोजकी. उत्तरं दोन.

'हाय नून'ची गोष्ट थोडक्यात. विल केनचं लग्न नुकतंच लागलंय, त्याने बिल्ला खाली ठेवलाय आणि बायकोबरोबर तो गाव सोडून निघालाय. एवढ्यात खबर येते की त्याने तुरुंगात धाडलेला फ्रँक मिलर सुटलाय आणि दुपारी बाराच्या गाडीने येतोय. केन परत फिरतो. सिनेमा 85 मिनिटांचा, आणि गोष्टीतलं घड्याळही साधारण आपल्या घड्याळाबरोबरच चालतं. या तासाभरात केन दारोदार फिरतो आणि सगळं गाव काखा वर करतं. न्यायाधीश तर भिंतीवरचा झेंडा उतरवून, घडी घालून, सामानात भरतो आणि घोड्यावर बसतो.

चर्चमधला प्रसंग मात्र खास सवड काढून बघावा असा आहे. प्रार्थना चालू असताना केन आत येतो आणि माणसं मागतो. काही जण उठतातही. मग कोणीतरी म्हणतं, जरा चर्चा करू. मुलांना बाहेर पाठवतात आणि चर्चा सुरू होते. शेवटी केनचा जुना मित्र बोलायला उठतो. केनने या गावासाठी काय काय केलं ते तो इतकं मनापासून सांगतो की आता हा म्हणणार, चला रे उठा. तो म्हणतो ते वेगळंच: उत्तरेकडचे लोक इथे पैसा गुंतवायच्या विचारात आहेत, रस्त्यावर गोळीबार झाल्याचं त्यांनी वाचलं तर काय होईल, तेव्हा विल, तू निघून जा. सोसायटीच्या वार्षिक सभेला बसलेल्या कोणालाही हा माणूस ओळखीचा वाटेल. 'शोले'त अहमदच्या मृतदेहासमोर रामगढची माणसं कच खाऊ लागतात तो प्रसंग आठवा. तिथे आंधळा इमाम गावाची लाज राखतो. इथे राखणारं कोणी नाही.

हे सगळं कुठून आलं हेही जाणकारांना माहीत आहे. चित्रीकरणाच्या काळातच, 1951 मध्ये, पटकथाकार कार्ल फोरमनला कम्युनिस्टांच्या शोधात असलेल्या संसदीय समितीपुढे उभं राहावं लागलं. त्याने नावं सांगायला नकार दिला आणि नंतर तो इंग्लंडला निघून गेला. मित्र रस्ता बदलू लागले की कसं वाटतं, हे त्याला कोणाकडून ऐकावं लागलं नव्हतं. वेनने पुढे, 1971 च्या एका मुलाखतीत, या चित्रपटाला अमेरिकाविरोधी ठरवलं आणि कूपर शेवटी बिल्ला पायाखाली तुडवतो, असंही सांगितलं. चित्रपटात कूपर बिल्ला धुळीत टाकतो, तुडवत नाही. गंमत अशी की कूपरला या भूमिकेसाठी ऑस्कर मिळालं तेव्हा तो हजर नव्हता, आणि त्याच्या वतीने ते स्वीकारायला मंचावर गेला तो वेनच.

या नायकाची पोच किती लांबवर गेली पाहा. 1989 च्या निवडणुकीत पोलंडमधल्या सॉलिडॅरिटी या कामगार चळवळीच्या पोस्टरवर हाच कूपर चालत येताना दिसतो: हातात मतपत्रिका, छातीवर मार्शलच्या बिल्ल्याच्या वर सॉलिडॅरिटीचं चिन्ह. वेनच्या वाट्याला असलं काही आलेलं मला आठवत नाही.

मग माझा कल दुसरीकडे का?

घोडं पेंड खातं ते गाण्यापाशी. 'हाय नून' सुरू होतो तोच टेक्स रिटरच्या आवाजातल्या गाण्याने. गाणं वाईट नाही, त्यालाही ऑस्कर मिळालंय. पण पडद्यावर अजून नावंच येताहेत आणि गाणं सगळं सांगून मोकळं: आज आपलं लग्न, मला सोडून जाऊ नकोस, बाराची गाडी यायचीय, फ्रँक मिलरने तुरुंगात शपथ घेतलीय, सामना केला नाही तर भित्रा म्हणूनच मरेन. बरं, एकदा सांगून ते थांबेल? छे. केन एकटा रस्त्याने निघाला की गाणं. कोणी नकार दिला की गाण्याची सुरावट. कूपरचा चेहरा बघा, पन्नाशीचा, ओढलेला, खोल सुरकुत्यांचा. त्या काळात त्याला अल्सरचा त्रास होता. कॅमेरामन फ्लॉइड क्रॉस्बीनेही आकाश पांढरंफटक ठेवून, काही गोंडस न करता तो टिपला आहे. त्या चेहऱ्यावर भीती दिसतेय, लाज दिसतेय, राग दिसतोय. आणि शेजारी कोणीतरी कानात सांगतंय, 'त्याला भीती वाटतेय हं.' गाण्यांवर वाढलेली माणसं आपण, मला गाण्याचं वावडं असायचं कारण नाही. पण हे गाणं माझ्या डोक्यात जातं, आणि बघून झाल्यावर दोन दिवस डोक्यातून जातही नाही. एखाद्याला हाच त्याचा प्राण वाटेल. वाटणारे पुष्कळ आहेत.

'रिओ ब्राव्हो' तोंड उघडायचीच घाई करत नाही. पहिली जवळजवळ चार मिनिटं संवाद नाही. ड्यूड, एकेकाळचा डेप्युटी आणि आताचा दारुडा, मागच्या दाराने सलूनमध्ये शिरतो. दारूला पैसे नाहीत. जो बरडेट हसत हसत एक नाणं पिकदाणीत टाकतो. ड्यूड वाकतो, हात पुढे करतो, आणि कोणाचा तरी बूट ती पिकदाणी लाथेने उडवतो. कॅमेरा वर जातो: शेरीफ चान्स, म्हणजे वेन. माणूस किती खाली गेलाय आणि मित्राला त्याची किती चीड आहे, हे एका पिकदाणीत कळलं. पुढे जो एकाचा खून करतो, चान्स त्याला कोठडीत टाकतो आणि त्याचा श्रीमंत भाऊ भाडोत्री बंदूकबाज आणून गावाची नाकेबंदी करतो.

इथे एक गोष्ट मला फार लोभस वाटते. 'हाय नून'मध्ये केनकडे दोघं जण शेवटी आपण होऊन येतात: एक डोळा गेलेला दारुडा आणि चौदा वर्षांचा पोरगा. केन पहिल्याला दारूपुरते पैसे देतो, दुसऱ्याला घरी पाठवतो. त्याचं बरोबरच आहे. आणि 'रिओ ब्राव्हो'त चान्सची फौज म्हणजे कोण? एक दारुडा, एक लंगडा म्हातारा आणि एक कोवळा पोरगा. मित्र आपली धडधाकट माणसं देऊ करतो तर चान्स नको म्हणतो. बायकापोरं असलेली हौशी माणसं उगाच मरतील. एका सिनेमाने वाटेला लावलेली माणसं दुसऱ्याने कामाला घेतली आहेत.

त्यातला ड्यूड, म्हणजे डीन मार्टिन, हा खरा बघायचा. हात इतके थरथरतात की सिगारेट वळता येत नाही. चान्स न बोलता स्वतःची वळलेली पुढे करतो. एकदा ड्यूड हरतो, सोडून देतो म्हणतो, ग्लास भरतो. बाहेर शत्रूचे वादक 'देग्वेयो' वाजवताहेत, दयामाया नाही असं बजावणारी धून. तो ऐकतो. आणि ग्लासातली दारू परत बाटलीत ओततो, एक थेंब न सांडता. आपलं लक्ष थेंबाकडे, त्याचं हाताकडे.

संगीतकार दोन्हीकडे एकच, दिमित्री टिओमकिन. गाणी इथेही आहेत. रिकी नेल्सन, म्हणजे तो कोवळा पोरगा, हा त्या वेळचा पोरींचा लाडका गायक, तो तिकीटबारीसाठीच घेतला हे उघड आहे. ऐन वेढ्यात कोठडीत तिघं गाण्याला बसतात, वेन नुसता हसत उभा. काहींना हे ताणलेलं वाटतं, मला नाही. वाट बघणाऱ्या माणसांनी दुसरं करायचं काय? ते गाणं कोणाच्या मनातलं फोडून सांगत नाही, हे माझ्यासाठी पुरेसं आहे.

दोष झाकत नाही. लांबी 141 मिनिटं. वेन आणि अँजी डिकिन्सनची नोकझोक थोडी कापली असती तर चाललं असतं. हॉटेलवाला मेक्सिकन कार्लोस केवळ हशासाठी आहे. त्यापुढे 'हाय नून'मधली केटी हुराडोची हेलन रामिरेझ, स्वतःचा धंदा स्वतः चालवणारी, गावाला नीट ओळखून असलेली मेक्सिकन बाई, कितीतरी सरस. या बाबतीत कूपरचा सिनेमा पुढे आहे, वादच नाही. नायक पन्नाशीचा आणि नायिका विशी-पंचविशीची, हा प्रकार मात्र दोन्हीकडे.

तेव्हा दीडच तास हाताशी असेल, किंवा ऑफिसात नुकतंच कोणी ऐनवेळी शेपूट घातलं असेल, तर 'हाय नून' लावा. गाण्याला आवाज कमी करायची सोय रिमोटवर आहेच. एरवी, शनिवारची रात्र असेल आणि घरात दोन-चार माणसं असतील, तर मी 'रिओ ब्राव्हो' म्हणेन. तो आवडला म्हणून लगेच 'एल डोराडो'कडे मात्र वळू नका. हॉक्स आणि वेनने पुढे तीच गोष्ट थोडीफार फिरवून पुन्हा सांगितली आहे, मध्ये काही महिने जाऊ द्यावेत.