साताऱ्यातलं सर्व्हिस मॅटर सल्ल्याचं ऑफिस: ४ स्टार, एक वेटिंगसाठी कापला

पोवई नाक्याच्या जवळपास एका रिटायर्ड अधीक्षकांचं छोटं ऑफिस आहे, सरकारी नोकरांना पगार, शिक्षा असल्या नोकरीच्या प्रश्नांवर सल्ला देतात, बोर्डावर "वेतननिश्चिती, सेवापुस्तक, विभागीय चौकशी" एवढंच लिहिलंय. नाव टाकत नाही, त्यांना जाहिरात आवडत नाही. सगळे अण्णासाहेब म्हणतात. उभी हयात आस्थापना शाखेत (कर्मचाऱ्यांच्या सेवेच्या नोंदी बघणारी शाखा) गेलेला माणूस आहे आणि ते पहिल्या दहा मिनिटांत कळतं.

माझा मेव्हणा राज्य सरकारी नोकर, त्याला घेऊन गेलोतो. त्याला ऑफिसमधून शिक्षा झाली होती, ऑर्डरमध्ये वाक्य एकच, "एक वेतनवाढ एक वर्षासाठी रोखण्यात येत आहे". वर्ष संपलं, पुढच्या १ जुलैला इन्क्रिमेंट लागलं आणि हा खूश. अण्णासाहेबांनी पगारपत्रक बघितलं, चष्मा वर केला आणि म्हणाले, "तुमचं बेसिक चुकलंय."

मग पाठकोऱ्या कागदावर मांडून दाखवलं. हा एस-८ ला (सातव्या वेतन आयोगातली वेतनश्रेणी), बेसिक ३३३००. जुलैत ३४३०० व्हायचं ते रोखलं, ठीक. पण शिक्षा फक्त वर्षाची असेल तर वर्ष संपल्यावर रोखलेली एक आणि नवीन एक अशा दोन्ही मिळून बेसिक डायरेक्ट ३५३०० ला जायला पाहिजे. याला दिलं ३४३००. म्हणजे टेबलावरच्या क्लार्कनं टेम्पररी शिक्षा परस्पर परमनंट करून टाकली! हजार रुपयेच दिसतात हो, पण त्यावर डीए, घरभाडं, एनपीएसची कपात, आणि हा वेतनाच्या तक्त्यात एक घर मागं राहिला तो रिटायर होईपर्यंत मागंच, दरवर्षी तेच नुकसान पुन्हा.

खरी मजा पुढं आहे. मेव्हणा म्हणाला, "पण साहेब, ऑर्डरमध्ये परमनंट का टेम्पररी काहीच लिहिलं नाही." अण्णासाहेब म्हणाले तेच तर तुमच्या फायद्याचं आहे. वेतनवाढ रोखताना किती काळासाठी आणि पुढच्या वाढींवर परिणाम होणार का, हे आदेशात लिहावंच लागतं. आणि कायमची रोखायची असेल तर १९७९ च्या शिस्त व अपील नियमांप्रमाणे नियम ८ सारखी (मोठ्या शिक्षेसाठीची) रीतसर चौकशी लागते, नियम १० ची (किरकोळ शिक्षेची) नोटीस देऊन खुलासा घेतला आणि झालं असं चालत नाही. याची तर नुसती नोटीस आणि खुलासाच झालेला. मग ऑफिस परमनंट म्हणायला लागलं तर त्यांचीच ऑर्डर लटकते. सुप्रीम कोर्टाचं कुलवंतसिंग गिल विरुद्ध पंजाब सरकार हे प्रकरण त्यांनी फाईलमधून काढून समोर ठेवलं, त्यात हेच आहे की कायमची वाढ रोखणं ही मोठी शिक्षा.

दुसरा घोळ आश्वासित प्रगतीचा, म्हणजे बढती मिळाली नाही तरी दहा, वीस, तीस वर्षांनी वरची वेतनश्रेणी देणाऱ्या योजनेचा. याची दहा वर्षं नेमकी शिक्षेच्या वर्षात भरली आणि ऑफिसात कुणीतरी सांगितलं "आता शिक्षा लागली, विसर तो लाभ". आमच्या ऑफिसांत चहाच्या टपरीवर निम्मे नियम असेच तयार होतात. अण्णासाहेबांचं म्हणणं, १०-२०-३० च्या लाभाला पदोन्नतीचेच निकष लागतात म्हणून शिक्षेचा काळ चालू असताना मिळत नाही हे बरोबर, पण लाभ पुढं जातो, रद्द होत नाही, काळ संपला की प्रस्ताव परत मागवायचा. नुसता ठपका असेल तर वेतनवाढीला हात लागत नाही, तरी तो गोपनीय अहवालात उतरला की पुढं त्रास देतो, हेही सांगितलं.

अर्ज त्यांनीच ड्राफ्ट केला, दोन पानांचा, एकही फालतू वाक्य नाही, शिव्याशाप नाही, "मला न्याय द्या" वगैरे रडगाणं नाही. फी वाजवी वाटली आणि आधीच सांगितली, नंतर वाढवली नाही. "मॅटमध्ये डायरेक्ट जाऊ का" (महाराष्ट्र प्रशासकीय न्यायाधिकरण, सरकारी नोकरांचे खटले चालतात ते) विचारलं तर नाही म्हणाले, आधी ऑफिसला अर्ज आणि अपील, मगच मुंबईचं मॅट. वकिलाकडं पाठवून कमिशन खायचा चान्स होता, खाल्ला नाही.

आता तक्रार. वेटिंग बेकार आहे. संध्याकाळी ऑफिसं सुटली की सगळे एकदम येतात, कोरेगाव-वाईचे लोक बाहेर जिन्यावर बसलेले असतात, टोकन वगैरे भानगड नाही, जो आधी आत घुसला त्याचा नंबर. फोन उचलत नाहीत. आणि "वरून सेटिंग होईल का" विचारलं की तोंडावर बाहेर काढतात, आमच्यासमोर एकाला काढलं.

जाताना ऑर्डरची पूर्ण झेरॉक्स न्या, मोबाईलवर फोटो दाखवला तर ते बघतच नाहीत. सेवापुस्तकातली शिक्षेची नोंद असलेलं पान आणि शिक्षेच्या आधीची नि नंतरची पगारपत्रकं पण लागतात. ऑर्डर ताजी असेल तर पहिल्याच आठवड्यात जा, अपिलाला ४५ दिवस असतात आणि ऑर्डर हातात पडल्यापासून मोजतात.