महाराष्ट्रातील लोक समजून घ्यायचे, तर आधी कोणते पुस्तक घ्यावे?

महाराष्ट्राचा इतिहास म्हटला की दुकानदार राजघराणी आणि लढाया यांचीच पुस्तके पुढे करतो. या राज्यात राहणारे नाना जातिजमातींचे लोक कोण, ते येथे कसे नांदले, हे सांगणारी पुस्तके मोजकी आहेत आणि ती एकमेकांना पर्याय म्हणून वापरता येत नाहीत. ज्याला तूर्त एखाद-दुसरेच पुस्तक घ्यायचे आहे, त्याच्यासाठी हा आढावा आहे. पुस्तके पारखण्याची माझी रीत साधी आहे: एक समाज मनात धरायचा आणि प्रत्येक पुस्तकात तो कसा भेटतो ते पाहायचे. येथे मी टोपल्या विणत गावोगाव फिरणारा कैकाडी समाज धरला आहे.

त्रिंबक नारायण आत्रे यांचा ‘गावगाडा’ १९१५ साली प्रसिद्ध झाला. आत्रे महसूल खात्यात होते, आणि देशावरच्या खेड्याचा कारभार त्यांनी कागदावरून नव्हे, तर चावडीवर बसून पाहिला होता. काळी म्हणजे शेतजमीन आणि पांढरी म्हणजे वस्ती, मिरासदार म्हणजे वंशपरंपरेने जमीन धारण करणारा आणि उपरी म्हणजे बाहेरून येऊन ती कसणारा, बलुते आणि अलुते म्हणजे गावकामाबद्दल कारूनारूंना मिळणारा पिकातला वाटा, हे शब्द त्यांच्याकडे व्याख्या होऊन येत नाहीत, व्यवहार होऊन येतात. पीक खळ्यावर आले की सुतार, लोहार, महार, मांग, चांभार, कुंभार, न्हावी, परीट असे सगळे आपापला वाटा घ्यायला उभे राहतात, आणि कुणब्याच्या राशीतून घरी किती जाते हे वाचकाला डोळ्यांदेखत कळते. ही बाजू इतकी भक्कम आहे की गावव्यवस्थेवर बोलणाऱ्या कोणालाही हे पुस्तक टाळता येत नाही. मात्र ‘फिरस्ते’ या भागाशी आले की हाच लेखक कुणब्याच्या बाजूने इतका झुकतो की भटके लोक त्याला जवळजवळ केवळ गावावरचा बोजा वाटतात. याच लेखकाने आधी ‘गुन्हेगार जाती’ या विषयावर स्वतंत्र पुस्तक लिहिले होते, हे ध्यानात ठेवले की त्याची नजर कोठून आली ते उमगते. ‘गावगाडा’ वाचताना कैकाड्याला गावाच्या वेशीबाहेरूनच पाहावे लागते.

इंग्रज अमदानीतील जातिकोशांचा मोह अनेकांना पडतो, कारण त्यांत कोणतीही जात अक्षरानुक्रमाने सापडते. पण येथे एक अडचण आहे, जी विकत घेतल्यावरच लक्षात येते. आजचे राज्य १ मे १९६० चे. हे कोश त्याआधीच्या सीमांप्रमाणे आहेत. एन्थोव्हेनचे १९२० ते १९२२ मधील तीन खंड मुंबई इलाख्याचे, म्हणजे त्यांत गुजरात आणि कर्नाटकाचा भाग आहे, पण विदर्भ व मराठवाडा नाही. विदर्भासाठी रसेल आणि हिरालाल यांचे १९१६ चे चार खंड पाहावे लागतात, आणि मराठवाड्यासाठी निजामाच्या राज्यावरील सिराज उल हसन यांचे १९२० चे पुस्तक. रसेलच्या कैकाड्यांवरील नोंदीत सुरुवातीलाच टोपल्या विणण्याचा धंदा आणि बदनामी यांची सांगड घातलेली आहे. या जुन्या सीमा केवळ ग्रंथालयात उरल्या आहेत असेही नाही: कैकाडी समाज आजही विदर्भाच्या जिल्ह्यांत अनुसूचित जातींत आणि उर्वरित महाराष्ट्रात विमुक्त जातींत मोडतो. संदर्भ तपासायला हे कोश ठीक आहेत. सलग वाचायला, आणि पहिले पुस्तक म्हणून तर, मी ते सुचवणार नाही.

मानवशास्त्रज्ञ इरावती कर्वे यांच्याकडे वळले की प्रश्नच बदलतो. ‘मराठी लोकांची संस्कृती’ १९५१ चे, तर राज्य गॅझेटियर मालेतील महाराष्ट्राच्या भूमी आणि लोकांवरील इंग्रजी ग्रंथ १९६८ चा. जात म्हणजे आपापसांत लग्ने करणाऱ्या नातलगांचा वाढलेला समूह, ही त्यांच्या विचाराची किल्ली आहे. बाहेरून ‘कुंभार’ हे एकच नाव दिसते. प्रत्यक्षात थोरचाके आणि लहानचाके, म्हणजे मोठे चाक फिरवणारे आणि लहान चाक फिरवणारे, असे निरनिराळे समूह असतात व त्यांच्यात सोयरीक होत नाही. जातिकोशांत पोटजातींची यादी मिळते, पण ती तशी का पडली हे विचारायला कर्वे शिकवतात. जे लोक पंढरीला जातात त्यांचा तो महाराष्ट्र, ही ओळखही त्यांचीच. आणि त्याच वारीत ब्राह्मण व मराठे जेवायला वेगळे बसतात, हे त्यांनीच ‘वाटचाल’ या लेखात खंतावून नोंदवले. उणीव एवढीच की शरीरमापनावर आधारलेले भाग आज जुने झाले आहेत. ते चाळून पुढे जावे.

आता कैकाडी समाजातच वाढलेल्या लक्ष्मण माने यांचे ‘उपरा’. १९८० चे हे आत्मकथन इतिहासाचे पुस्तक नव्हे, आणि साहित्य अकादमी पुरस्कार मिळालेली साहित्यकृती म्हणूनच ते वाचले जाते. तरीही या यादीत ते मला हवेच आहे. गाढवांच्या पाठीवरचा संसार, फोकांच्या विणलेल्या टोपल्या, जातपंचायतीचा धाक आणि शाळेत जाणारा मुलगा हे येथे घरातून दिसते. आत्र्यांच्या गावात ‘उपरी’ हा जमीन कसणाऱ्याचा एक दर्जा होता. मान्यांचा ‘उपरा’ त्या दर्जालाही न पोचलेला आहे.

एकच घ्यायचे, तर शिक्षकाने आणि स्पर्धा परीक्षेच्या उमेदवाराने कर्वे यांचे १९५१ चे मराठी पुस्तक घ्यावे. शेतीवाडीशी ज्याचा संबंध आहे त्याला ‘गावगाडा’ अधिक रुचेल, आणि लेखक १९३३ साली वारल्यामुळे त्यावर स्वामित्वहक्क उरलेला नाही. फक्त ‘फिरस्ते’ वाचून झाले की त्याच आठवड्यात ‘उपरा’ हाती घ्यावे.